अवेस्ता जाळला कुणी?

दर दोन-चार महिन्यांनी एक मजकूर फिरत फिरत माझ्या मोबाइलवर येतो. शब्द बदलतात, आशय तोच असतो. अरबांनी इराण जिंकला, ग्रंथालये पेटवून दिली, पारशांच्या धर्मग्रंथाची राख केली. म्हणून आज त्यांच्याकडे मूळ अवेस्ताचा जेमतेम चौथा हिस्सा उरला आहे. पाठोपाठ आपल्यातल्याच कुणाचे तरी उत्तर येते: हे साफ खोटे आहे, तो ग्रंथ सिकंदराने जाळला, इस्लामने कुणाच्या ग्रंथाला कधी हात लावलेला नाही. मग दिवसभर धुमश्चक्री चालते. अवेस्तात काय होते, त्यातले काय गेले आणि काय उरले, याचे सोयरसुतक दोन्ही बाजूंना नसते. पारशी माणसाला तर कुणी विचारतही नाही. त्याचा ग्रंथ म्हणजे आपल्या भांडणात एकमेकांना मारायचा दगड, एवढेच.

माझी तक्रार दोन्ही बाजूंविषयी आहे. पण इथे मी जास्त बोलणार आहे ते आपल्या बाजूविषयी. दुसऱ्याच्या अंगणातला केर दाखवणारे पुष्कळ आहेत. आपले अंगण आपणच झाडायचे असते.

गेले काय?

आधी नुकसान समजून घेऊ. इराणच्या सासानी राजांच्या काळात (इ. स. २२४ ते ६५१) अवेस्ताची मांडणी एकवीस भागांत केलेली होती. या भागांना नस्क म्हणतात. पारशांची सर्वांत पवित्र प्रार्थना ‘यथा अहू वइर्यो’ ही एकवीस शब्दांची आहे, तिच्या प्रत्येक शब्दाशी एक नस्क जोडलेला. सात नस्क गाथांशी संबंधित, सात कायद्याचे, सात मिश्र विषयांचे. दामदाद नस्कात सृष्टीच्या उत्पत्तीची कथा होती. चिहरदाद नस्कात मानववंशाचा आणि राजवंशांचा इतिहास होता. स्पंद नस्कात झरथुष्ट्रांचे चरित्र होते. कायद्याच्या नस्कांत चोरी, मारामारी, वारसा, साक्षीपुरावा अशा विषयांवरची प्रकरणे होती.

यातला संपूर्ण उरला तो एकच, वेंदिदाद. बाकीच्यांचे काही तुकडे उरले, काहींचा फक्त सारांश उरला. त्याखेरीज आज हाती आहेत ते यस्नाचे ७२ अध्याय (खुद्द झरथुष्ट्रांच्या मानल्या जाणाऱ्या १७ गाथा यातच येतात), विस्परद, यश्त आणि रोजच्या प्रार्थनांचा खोर्देह अवेस्ता. गाथांची भाषा ऋग्वेदाच्या भाषेची सख्खी बहीण शोभेल अशी आहे. यज्ञाला यस्न, सोमाला हओम. म्हणजे जे गेले ते एका छोट्या जमातीचे खासगी नुकसान नाही. आशियाच्या स्मरणातली एक मोठी खोली कायमची बंद झाली आहे.

सिकंदराची गोष्ट

आपले लोक ज्या सिकंदराकडे बोट दाखवतात, त्याच्यावरचा आरोप पारशी परंपरेतच आहे, हे खरे. पहलवी ग्रंथ त्याला ‘गुजस्तग’, म्हणजे शापित, म्हणतात. अवेस्ता बैलांच्या कातड्यांवर सोन्याच्या शाईने लिहून इस्तख्रच्या दफ्तरखान्यात ठेवला होता आणि सिकंदराने तो जाळला, अशी ही कथा आहे. कातड्यांची संख्या बारा हजार सांगतात. तबरी आणि मसऊदी या मुस्लिम इतिहासकारांनीही ती नोंदवली आहे.

इ. स. पूर्व ३३० मध्ये सिकंदराच्या सैन्याने पर्सेपोलिसचा राजवाडा जाळला, हा इतिहास आहे. तिथल्या पुरोहितांची कत्तल झाली असेल, पाठांतराची परंपरा तुटली असेल, हे समजण्यासारखे आहे. पण सोन्याच्या शाईचा ग्रंथ? अवेस्ता ज्या लिपीत लिहिला जातो ती लिपीच सिकंदरानंतर आठ-नऊशे वर्षांनी, सासानी काळात तयार झाली. पन्नासहून अधिक अक्षरांची ही लिपी मुद्दाम घडवली गेली, कारण मंत्रातला प्रत्येक स्वर आणि प्रत्येक उच्चार जसाच्या तसा पकडायचा होता. तोवर अवेस्ता वेदांसारखाच मुखोद्गत होता. त्याचे घर मोबेदांच्या, म्हणजे त्यांच्या पुरोहितांच्या जिभेवर होते.

याचा एक नमुना चीनच्या दुनहुआंगच्या गुहांत सापडला. सोग्दी लिपीत लिहिलेल्या एका कागदावर ‘अशेम वोहू’ ही प्रार्थना आहे. कागद साधारण नवव्या शतकातला, पण त्यातल्या प्रार्थनेचा उच्चार अवेस्ताच्या हस्तलिखितांत आढळणाऱ्या रूपाहून जुना आहे. ग्रंथाच्या वाटेने नव्हे, तोंडातून तोंडात तो तिथवर पोचला होता.

तेव्हा सिकंदराला पुढे करून आपली सुटका होत नाही. सासानी काळात एकवीस नस्क पुन्हा जुळवले गेले होते. आज नाहीत ते हेच नस्क. सिकंदर त्याच्या आधी साडेपाचशे वर्षे मेलेला होता.

मग अरबांनी जाळला का?

इथे दुसऱ्या बाजूचा दावा तपासू. त्यांच्या हातात बहुधा इब्न खल्दून असतो. त्यांच्या मुकद्दिम्यात (इ. स. १३७७) एक कथा आहे: इराण जिंकल्यावर सअद बिन अबी वक्कास (रजि.) यांनी तिथल्या ग्रंथांविषयी हजरत उमर (रजि.) यांना विचारले आणि ते पाण्यात टाकण्याचा हुकूम आला. अलेक्झांड्रियाच्या ग्रंथालयाविषयीही जवळपास हीच कथा, जवळपास याच युक्तिवादासह, सांगितली जाते, आणि तीही इब्न अल-किफ्ती (मृत्यू १२४८) यांच्यासारख्या उशिराच्या लेखकांकडून येते. इराणचे राज्य सातव्या शतकात पडले. कथा लिहिली गेली चौदाव्यात. मधल्या सातशे वर्षांची सनद नाही. शिवाय इब्न खल्दून बोलतात ते इराणी विद्यांच्या पुस्तकांविषयी. अवेस्ताचे नावही तिथे नाही.

याहून मोठा पुरावा खुद्द झरथुष्ट्री धर्मपंडितांनी ठेवला आहे. त्याचे नाव दीनकर्द. पहलवी भाषेतला हा प्रचंड कोश नवव्या-दहाव्या शतकात तयार झाला. पहिले संकलक आदुरफर्नबग हे खलिफा मामून (कारकीर्द ८१३ ते ८३३) यांच्या समोर झालेल्या धर्मचर्चेत आपल्या धर्माची बाजू मांडणारे मोबेद. दीनकर्दच्या आठव्या भागात एकवीस नस्कांचा एकेक करून सारांश आहे. एका नस्काविषयी तो सांगतो की मूळ आणि भाष्य, दोन्ही आमच्यापर्यंत पोचले नाही. दुसऱ्या एकाविषयी सांगतो की मूळ आले, भाष्य आले नाही. बाकीच्यांत काय आहे ते तो व्यवस्थित सांगतो.

याचा अर्थ लक्षात घ्या. शेवटचा सासानी राजा यज्दगर्द ६५१ मध्ये मारला गेला, आणि त्यानंतर दोनशे वर्षांनीही बहुतेक नस्क, निदान त्यांची पहलवी भाष्ये, अभ्यासकांच्या हाती होती. सगळे एका आगीत जळाले असते तर हा सारांश कशाचा काढला? दीनकर्दची एक प्रत १०२० साली बगदादमध्ये उतरवली गेली आणि आजची हस्तलिखिते तिच्याच वंशातली आहेत. खलिफाच्या राजधानीत!

इथपर्यंत वाचून आपल्यातले काही जण खूश झाले असतील. सुटलो बुवा! त्यांनी थोडे थांबावे.

आग निवडून जाळत नाही

जे उरले त्याच्याकडे पुन्हा एकदा पाहा. यस्न उरला, कारण तो अग्नीसमोर म्हटला जातो. विस्परद उरला, कारण तो सणांच्या विधीत लागतो. यश्त आणि खोर्देह अवेस्ता प्रार्थनेचे आहेत. आणि वेंदिदाद? हा तर कायद्याचा नस्क. त्याच्या सोबतचे कायद्याचे नस्क गेले आणि हा तेवढा अक्षरन् अक्षर राहिला, कारण रात्रभर चालणाऱ्या एका विधीत तो आरंभापासून शेवटपर्यंत वाचला जातो. जे पूजेत होते ते वाचले. कायदा, इतिहास, सृष्टिविज्ञान, चरित्र, जे जे पूजेबाहेर होते ते सारे गेले.

आग अशी निवडून जाळत नाही. आगीला पूजेचे पान आणि कायद्याचे पान कळत नाही. हा नमुना वेगळ्याच मृत्यूचा आहे. सासानी राज्यात मोबेद न्यायाधीश होता, शिक्षक होता, दरबारातला अधिकारी होता. राज्य गेले तशी न्यायालये गेली. इराकच्या महसूल कचेऱ्यांची भाषा सातव्या शतकाच्या अखेरीस, हज्जाजच्या सुभेदारीत, पहलवीवरून अरबी झाली. मग कायद्याचा नस्क पाठ करून मुलाने करायचे काय? कोणत्या काझीसमोर तो चालणार होता? एका पिढीने तो शिकला, दुसरीने शिकवला नाही, तिसरीला त्याची लिपी लागेना. कातड्याला वाळवी लागली. नवी प्रत करायला ना पैसा, ना लेखनिक, ना वाचणारा.

ज्यांच्या घरात पणजोबांची फारसी किंवा मोडीतली वही आहे आणि पणतवाला तिचे एक अक्षर लागत नाही, त्या घरांना हे वेगळे समजावून सांगायला नको.

दीनकर्द हा ऱ्हास होताना दाखवतो. त्यातच नोंद आहे की आदुरफर्नबग यांच्यानंतर त्यांच्या मुलावर संकट ओढवले आणि संग्रह विस्कटला, जीर्ण झाला. पुढे आदुरबाद एमेदान यांनी जे सापडले ते पुन्हा जुळवले. आज त्याही ग्रंथाचे पहिले दोन भाग आणि तिसऱ्याचा काही अंश नाही. हरवलेल्या ग्रंथांची यादी देणारा ग्रंथच अर्धवट उरावा, याहून वेगळा पुरावा काय हवा?

आता प्रश्न असा की हा समाज इतका आक्रसला कुणाच्या राज्यात? उत्तर उघड आहे. जिझिया होता. धर्म बदलला की वाट मोकळी होती. अग्निमंदिरे ओसाड पडत होती, काहींच्या जागी मशिदी उभ्या राहत होत्या. खलिफा मुतवक्किलने ८६१ मध्ये कश्मरचा सरूवृक्ष तोडवला, जो खुद्द झरथुष्ट्रांनी लावला अशी त्यांची श्रद्धा होती. ही बातमी देणारे लेखकही मुसलमानच आहेत. अल-बिरूनी तर स्वतः ख्वारिझमचे. हजाराच्या आसपास लिहिलेल्या ‘आसार अल-बाकिया’त ते नोंदवतात की कुतैबा बिन मुस्लिमने ख्वारिझमी लिपी आणि परंपरा जाणणाऱ्यांचा नायनाट केला, म्हणून तिथला जुना इतिहास कळायला मार्ग उरला नाही. हे पुस्तक जाळणे नाही. हे पुस्तक वाचू शकणारा माणूस मारणे आहे. मुखोद्गत परंपरेत दोन्ही एकच.

मग सातशे वर्षांनंतरच्या इब्न खल्दूनच्या कथेला सनद नाही म्हणून आपण ती नाकारतो, तर त्याच न्यायाने घटनेच्या तीनशे वर्षांनी, त्याच मुलखातल्या विद्वान मुसलमानाने आपल्याच विजेत्याविरुद्ध दिलेली साक्ष वजनदार मानावी लागेल. कसोटी एकच हवी. नाहीतर आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचे ते कार्टे!

आणखी एक गोष्ट मला बोचते. आपण मोठ्या अभिमानाने सांगतो की बगदादने ग्रीकांचे ज्ञान वाचवले. बरोबर आहे. पहलवीतूनही भाषांतरे झाली. इराणी कुळातल्या इब्न अल-मुकफ्फाने आठव्या शतकात ‘कलीला व दिम्ना’ अरबीत आणले, ज्याचे मूळ आपल्या पंचतंत्रात. इराणी राजांच्या बखरीही त्याने अरबीत नेल्या. म्हणजे कोल्ह्यांच्या गोष्टी वाचल्या, राजांच्या गोष्टी वाचल्या, वैद्यक आणि ज्योतिष वाचले. एकवीस नस्कांतल्या एकाचेही अरबी भाषांतर आपल्यापर्यंत आलेले नाही. शहाण्या माणसाला अॅरिस्टॉटल उपयोगाचा वाटला, शेजारच्या मोबेदाचा धर्मग्रंथ वाटला नाही. जतन करणारेही निवड करतात, आणि त्या निवडीचा हिशेबही द्यावा लागतो.

दोष एकट्याचा नाही

तरीही सगळे खापर इस्लामच्या माथी मारणाऱ्यांना दोन गोष्टी सांगितल्या पाहिजेत.

पहिली, सासानी धर्मसत्ता स्वतः काही सोवळी नव्हती. तिसऱ्या शतकातला महामोबेद कर्तीर शिलालेखात अभिमानाने सांगतो की यहुदी, बौद्ध, ब्राह्मण, ख्रिस्ती, मानीचे अनुयायी, सगळ्यांना आपण झोडपून काढले. मानी तुरुंगात मेला. मज्दकचे बंड चिरडल्यावर खुस्रो अनुशिरवानने अवेस्ताचे भाष्य मोबेदांनी आपल्या वंशाबाहेर कुणाला शिकवू नये असे बजावले, असे त्या परंपरेतलाच एक पहलवी ग्रंथ सांगतो. ज्ञान एका वर्गाच्या तिजोरीत कुलूपबंद केले की तो वर्ग कोसळताच तिजोरीही जाते. धर्म कोणताही असो, ग्रंथ राजाच्या खांद्यावर बसवला की राजाबरोबर तोही पडतो. वेद-शास्त्रांच्या बंदिस्तपणाविषयी आपण महाराष्ट्रात जे दीडशे वर्षे बोलत आलो, ते इथेही लागू आहे.

दुसरी, तेराव्या शतकातली मंगोल धाड. तिने खोरासानची शहरे उद्ध्वस्त केली, १२५८ मध्ये बगदाद बुडवले. त्यात मुसलमानांचे ग्रंथ गेले, मोबेदांचेही गेले असणार. तलवारीने धर्म विचारला नाही.

पण ही दोन कारणे सांगून आपल्या वाट्याचे कारण पुसले जात नाही. दुष्काळाला पाऊस कमी झाला हेही कारण असते आणि तलावाचे पाणी कुणी वळवले हेही असते.

किताब उचलली गेली?

आपल्याकडे या नुकसानाकडे बघण्याची एक जुनी पळवाट आहे. कुरआनात सूरह हज्जमध्ये (२२:१७) मजूस लोकांचा उल्लेख यहुदी, साबी, नसारा यांच्या ओळीत येतो. हजरत उमर (रजि.) मजूसांकडून जिझिया घ्यायला कचरत होते. अब्दुर्रहमान बिन औफ (रजि.) यांनी साक्ष दिली की प्रेषितांनी (स.) हजरच्या मजूसांकडून तो घेतला होता, तेव्हा त्यांचा संशय फिटला. ही बुखारीतली रिवायत आहे. पुढे फकीहांमध्ये वाद झाला की मजूस हे अहले किताब आहेत की नाहीत. बहुसंख्यांचे मत असे पडले की जिझिया घ्यावा आणि संरक्षण द्यावे, पण त्यांच्या स्त्रियांशी निकाह आणि त्यांनी कापलेले मांस चालणार नाही.

याच चर्चेत हजरत अली (रजि.) यांच्या नावे एक रिवायत येते. तिचा आशय असा की मजूसांकडे एक किताब होती, त्यांच्या एका राजाच्या पापामुळे ती त्यांच्यातून उचलली गेली. तिच्या सनदीवर मुहद्दिसांत मतभेद आहेत. माझा मुद्दा तो नाही. माझा मुद्दा असा की ही रिवायत आपण वापरतो कशी. ‘त्यांची किताब अल्लाहनेच उचलली’ असे म्हटले की आपल्याला काही विचारायचे उरत नाही. चिहरदाद नस्क कुणाच्या अमदानीत संपला, दामदादची शेवटची प्रत कोणत्या गावात कुजली, हे प्रश्नच गळून पडतात. जे नवव्या शतकात दीनकर्दकाराच्या टेबलावर होते ते त्याच्या किती तरी आधी आकाशात उचलले गेले कसे, हे कुणी विचारत नाही. अल्लाहच्या नावावर आपली जबाबदारी खपवणे ही श्रद्धा नाही. ही सोय आहे.

दसातीरचा घोटाळा

याहून वाईट प्रकार आहे तो मुंबईत छापलेल्या एका पुस्तकाचा. अठराव्या शतकात मुल्ला काऊस हे पारशी गृहस्थ इराणातून ‘दसातीर’ नावाचे एक हस्तलिखित घेऊन आले. त्यांचे पुत्र मुल्ला फिरोज यांनी ते १८१८ मध्ये मुंबईत इंग्रजी भाषांतरासह छापले. प्राचीन इराणच्या सोळा पैगंबरांची वचने अशी त्याची ख्याती झाली. हरवलेले काही तरी सापडले या आनंदात अनेकांनी ते डोक्यावर घेतले. पुढे युरोपीय आणि पारशी अभ्यासकांनी त्याची भाषा तपासली. ती जगात कधी कुणी बोललेलीच नव्हती, रचलेली होती. सोळाव्या-सतराव्या शतकातल्या, इराणातून पाटण्याला येऊन राहिलेल्या आझर कैवान यांच्या पंथातली ही निर्मिती. अवेस्ताशी तिचा काडीचा संबंध नाही. हा निर्णय आता जुना झाला आहे.

आणि तरीही आपले मुबल्लिग, आपल्या सभा, आपल्या पुस्तिका अजून दसातीरचा हवाला देतात. कशासाठी? तर पारशांच्या ‘प्राचीन ग्रंथात’ प्रेषित मुहंमद (स.) यांच्या आगमनाचे भाकीत आहे हे दाखवण्यासाठी! ते भाकीत ज्या पुस्तकात आहे ते पुस्तक प्रेषितांच्या (स.) जवळपास हजार वर्षांनंतर लिहिले गेले. होऊन गेलेल्या गोष्टीचे भाकीत कुणीही लिहील.

मला याची शरम वाटते. ज्या उम्मतने एकेका हदीससाठी रावीचे नाव, गाव, स्मरणशक्ती आणि चारित्र्य तपासण्याचे शास्त्र उभे केले, तिच्या वारसांनी बनावट कागदावर प्रेषितांच्या (स.) सत्यतेचा इमला उभारावा? हदीसच्या नावाने असे कुणी केले असते तर आपण त्याला ‘मौजू’ म्हणून फेकून दिले असते. दुसऱ्याच्या धर्माच्या नावाने केले की चालते? प्रेषितांना (स.) अशा साक्षीदाराची गरज नाही. आणि ज्या समाजाचे खरे ग्रंथ हरवले, त्याच्या गळ्यात खोटा ग्रंथ बांधून त्यालाच दाखवायचे की पाहा, तुझाच ग्रंथ आमच्या बाजूने बोलतो, ही तर जखमेवरची थट्टा झाली.

वाचवले कुणी?

जे वाचले ते कुणाच्या उपकाराने वाचले नाही. ते माणसांनी हाताने लिहून वाचवले. चौदाव्या शतकात मिहरबान कैखुस्रो हे मोबेद इराणातून गुजरातेत आले. खंबायतच्या एका पारशी व्यापाऱ्याच्या आश्रयाने त्यांनी १३२३-२४ च्या सुमारास यस्न आणि वेंदिदादच्या प्रती केल्या. त्यातली एक आज ऑक्सफर्डला आहे, एक कोपनहेगनला. १४७८ पासून गुजरातच्या पारशांनी इराणातल्या मोबेदांना प्रश्न लिहून पाठवायला सुरुवात केली. ही उत्तरे, ज्यांना रिवायतच म्हणतात, फारसीत आहेत. तोवर दोन्हीकडच्या झरथुष्ट्रींची समाईक भाषा फारसीच उरली होती. संजाण पडल्यावर त्यांनी आपला पवित्र अग्नी डहाणूजवळच्या बहरोटच्या डोंगरात बारा वर्षे लपवून जपला, असे त्यांचा ‘किस्सा-ए-संजान’ सांगतो. दीनकर्दचे मुख्य हस्तलिखित १६५९ साली इराणात उतरवले गेले, १७८३ मध्ये सुरतेला आले, आणि आज मुंबईत फोर्टमधल्या कामा प्राच्यविद्या संस्थेत आहे. १९११ मध्ये मुंबईतच ते छापले गेले.

इराणात मागे राहिलेल्यांचे हाल मुंबईच्या पारशांनीच जगापुढे आणले. माणेकजी लिमजी हातारिया १८५४ मध्ये तिकडे गेले. यज्द आणि केरमानमध्ये झरथुष्ट्रींना शहरात घोड्यावर बसायची बंदी होती, आणि घरातला एक जण मुसलमान झाला की सगळ्यांच्या वाटणीवर हक्क सांगू शके. अठ्ठावीस वर्षांच्या खटपटीनंतर १८८२ मध्ये शाहने जिझिया रद्द केला. तोवर मुंबई-ठाणे आगगाडी सुरू होऊन २९ वर्षे झाली होती. इतका अलीकडचा हा इतिहास आहे. याला ‘चौदाशे वर्षांपूर्वीचे उकरून काढणे’ म्हणून झटकता येणार नाही.

आपण काय करायचे?

कुणी म्हणेल, आज इथे आपल्याच मशिदी, आपलीच नावे, आपलाच इतिहास कोर्टात उभा आहे. अशा वेळी आपल्याविरुद्धचे पुरावे आपणच का द्यायचे? मला ही भीती समजते. पण मी उलटे म्हणतो. आज आपल्याला रोज सांगावे लागते की अल्पसंख्याकाला फक्त नमाज पढू देणे म्हणजे त्याला जगू देणे नव्हे; त्याची भाषा, त्याच्या शाळा, त्याची नोकरी, त्याचा इतिहास हेही जगले पाहिजे. अवेस्ताची कहाणी नेमके हेच सांगते. पूजेपुरते जे ठेवले तेवढे वाचले, बाकीचे वाळून गेले. आपल्याला हा न्याय हवा असेल तर आपल्या सत्तेच्या काळात आपण तो दुसऱ्याला दिला नाही, हेही त्याच तोंडाने म्हणावे लागेल. नाहीतर आपली मागणी न्यायाची राहणार नाही, फक्त पाळी बदलण्याची होईल.

तेव्हा माझे म्हणणे थोडक्यात असे. अरबांनी एका दिवसात अवेस्ता जाळला, असे कुणी म्हटले तर त्याला दीनकर्द दाखवा. इस्लामी राजवटीत पारशांचे काहीच गेले नाही, असे आपल्यातल्या कुणी म्हटले तर त्यालाही दीनकर्दच दाखवा, त्यात सारांश असलेले किती नस्क आज उरलेत ते मोजायला सांगा. दसातीरचा हवाला देणारी पुस्तिका मशिदीच्या दारात दिसली तर ती ठेवणाऱ्याला सनद विचारा. आणि एखादा पारशी मित्र असेल तर त्याला त्याच्या गाथांविषयी विचारा, आपल्या फायद्याचे त्यात काही सापडते का हे न बघता. २०११ च्या जनगणनेत या देशात पारशी ५७,२६४ होते, त्याआधीच्या जनगणनेत ६९,६०१. ग्रंथ वाचणारी माणसे कमी झाली की पुढे काय होते, ते आपण वर पाहिलेच आहे.